कालसंगीतशास्त्र: काळ कानाने मोजणारी एक कल्पित विद्या

कालसंगीतशास्त्र नावाचा विभाग कुठल्याही विद्यापीठात नाही. या लेखापुरता तो आहे असं धरून चालू. विभाग कल्पित असला, तरी तिथे जे शिकवावं लागेल ते कल्पित नाही. ते आजही अस्तित्वात आहे, फक्त विखुरलेलं आहे: थोडं ध्वनीच्या भौतिकशास्त्रात, थोडं मानसशास्त्राच्या प्रयोगशाळांत, थोडं तत्त्वज्ञानात आणि बरंचसं गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांच्या अंगवळणी पडलेलं. काळाचाच अभ्यास करणाऱ्या विद्वानांची एक आंतरराष्ट्रीय संस्था १९६६ पासून आहे. संगीतशास्त्र तर कित्येक शतकं जुनं. या दोघांचा संसार थाटून दिला तर पहिल्या वर्षाला काय शिकवलं जाईल, ते इथे सांगायचं आहे.

मूळ प्रश्न साधा आहे. घड्याळ किती काळ गेला ते सांगतं, तो कसा गेला ते सांगत नाही. तीन मिनिटांचं गाणं आणि तीन मिनिटांची शांतता घड्याळाच्या लेखी सारखीच. ऐकणाऱ्याला मात्र पहिल्या तीन मिनिटांत सुरुवात, वाढ, ताण, सुटका असं सगळं सापडतं. हे सगळं आलं कुठून? स्वरांतून आलं म्हणावं, तर एकेकटा स्वर घेतला की त्यात यातलं काहीच नसतं. ते आलं एकामागून एक येण्यातून, म्हणजे काळातून. चित्राला पृष्ठभाग लागतो, शिल्पाला दगड लागतो. संगीताचं मुख्य सामान काळ हेच आहे. म्हणून माणसाला काळ कसा जाणवतो हे तपासायला संगीताइतकी चांगली प्रयोगशाळा नाही, असं या विद्येचं म्हणणं. मला ते पूर्ण पटतं.

पहिला तास गॅलिलिओचा. उतारावरून घरंगळणारा गोळा सारख्या वेळात किती किती अंतर कापतो हे त्याला पाहायचं होतं, पण सेकंद दाखवणारं भरवशाचं घड्याळ तेव्हा नव्हतं. लंबकाचं पहिलं घड्याळ हॉयगेन्सने १६५६ मध्ये बनवलं, तेव्हा गॅलिलिओ जाऊन चौदा वर्षं झाली होती. १६३८ च्या आपल्या ग्रंथात गॅलिलिओ म्हणतो की भांड्यातून बारीक धारेने पडलेलं पाणी तोलून त्याने वेळ मोजली. पण १९७० च्या दशकात स्टिलमन ड्रेक या इतिहासकाराने त्याच्या जुन्या टिपणांतलं एक पान काढलं. त्यावर ३३, १३०, २९८, ५२६, ८२४, ११९२, १६२०, २१०४ असे आकडे एकाखाली एक लिहिलेले आहेत. ३३ ला १, ४, ९, १६, २५ अशा वर्गसंख्यांनी गुणत गेलात तर जवळजवळ हेच आकडे येतात. वेळ दुप्पट झाली की अंतर चौपट होतं, हा नियम त्या पानावर उघड दिसतो. प्रश्न असा की अर्ध्या-अर्ध्या सेकंदाचे इतके समान तुकडे त्याने पाडले कशाने?

ड्रेक यांचं उत्तर: गाण्याने. गॅलिलिओचे वडील व्हिन्चेन्झो हे ल्यूट हे युरोपी तंतुवाद्य वाजवणारे आणि संगीताचे अभ्यासक होते; तो स्वतःही ल्यूट वाजवत असे. ल्यूटच्या दांडीवर तातीचे पडदे बांधलेले असतात आणि ते सरकवता येतात. तसेच पडदे उतारावर बांधले, तर गोळा प्रत्येक पडद्यावरून जाताना बारीक आवाज होईल. तोंडाने ठेक्यात गाणं म्हणायचं आणि प्रत्येक आवाज ठेक्यावर पडेपर्यंत पडदे मागेपुढे करत राहायचं. मग पडद्यांमधली अंतरं मोजायची. ड्रेक यांनी हा प्रयोग स्वतः करून पाहिला आणि तो जमतो. गॅलिलिओने नेमकं हेच केलं याचा लेखी पुरावा नाही, हा तर्कच आहे. पण त्या तर्काच्या मुळाशी असलेली गोष्ट कोणीही तपासून पाहू शकतो. किती सेकंद गेले हे आपल्याला नीट सांगता येत नाही. पण चालू ठेक्यात एखादा ठोका किंचित पुढे-मागे पडला, तर तो शतांश सेकंदांचा फरकही कानाला खटकतो. कान लांबी मोजायला कच्चा आहे आणि समानता ओळखायला पक्का. या विद्येचं पहिलं सूत्र हेच.

पुढचा धडा मला सगळ्यांत सुंदर वाटतो. सूर मिळवण्यासाठी जगभर वापरला जाणारा एक प्रमाण स्वर आहे, सेकंदाला ४४० कंपनांचा. त्याची कंपनं निम्मी करा: २२०. तोच स्वर, एक सप्तक खाली. पुन्हा निम्मी: ११०. मग ५५, मग साडेसत्तावीस. इथपर्यंत कसाबसा स्वर ऐकू येतो, खर्जातला, घरघरता. आणखी निम्मी करा, पावणेचौदा, आणि स्वर फाटतो. आता नुसती फडफड ऐकू येते. आणखी खाली उतरलात की ठोके सुटे होतात, आणि आठव्या वेळी निम्मे केल्यावर सेकंदाला १.७ ठोके उरतात. मिनिटाला १०३. हा तर मध्यलयीतला ठेका झाला. तसेच उतरत राहा. चौदाव्या पायरीवर एक ठोका पडून दुसरा पडायला ३७ सेकंद लागतात. संथ ख्यालाच्या एखाद्या आवर्तनाएवढं, म्हणजे तालाच्या एका पूर्ण फेऱ्याएवढं अंतर.

म्हणजे स्वर आणि लय या दोन वेगळ्या वस्तू नाहीत. एकच गोष्ट, ठरावीक काळाने पुन्हा पुन्हा घडणं, ती वेगाने घडली तर आपण तिला स्वर म्हणतो आणि सावकाश घडली तर ठेका. कार्लहाइन्झ स्टॉकहाउझन या जर्मन संगीतकाराने १९५० च्या दशकात हा विचार नेटाने मांडला. ज्याला तो पटत नसेल त्याने षड्ज आणि पंचम घ्यावेत. त्यांच्या कंपनांचं प्रमाण २ ला ३ असं असतं. दोन्ही स्वर एकत्र धरून असेच सप्तकं-सप्तकं खाली आणले, तर शेवटी एका हाताला दोन ठोके आणि त्याच वेळात दुसऱ्या हाताला तीन ठोके अशी गुंफण उरते. तबलजी जिला आड म्हणतात ती दीडपट हीच. तानपुऱ्यावर कानाला जो गोडवा लागतो, तोच संथ केला की हातांना अवघड जाणारा हिशोब होतो.

आकाशात याचा नमुना तयारच आहे. स्वतःभोवती फिरणारे काही मृत तारे रेडिओलहरींचे ठोके पाठवतात, त्यांना पल्सार म्हणतात. अंतराळात आवाज नसतो, पण त्या ठोक्यांना आवाजाचं रूप देता येतं. १९६७ मध्ये जोसेलिन बेल यांना सापडलेल्या पहिल्या पल्सारचा ठोका दर १.३३७ सेकंदांनी पडतो: संथ, मोजता येणारा ठेका. व्हेला पल्सार सेकंदाला ११ वेळा फिरतो, त्याची खडखड ऐकू येते. कानाने ती मोजणं अशक्य. खेकडा तेजोमेघातला पल्सार सेकंदाला सुमारे ३०, तिथे गुरगुर सुरू होते. आणि १९८२ मध्ये सापडलेला एक पल्सार सेकंदाला सुमारे ६४२ वेळा फिरतो. त्याचा चक्क स्वर ऐकू येतो, गायिकेच्या वरच्या पट्टीत सहज बसेल असा. ताऱ्यांमध्ये फरक आहे तो फिरण्याच्या वेगाचा. ठेका, खडखड, गुरगुर, स्वर हे चार प्रदेश आपल्या कानाने पाडले.

हे प्रदेश कुठे सुरू होतात आणि कुठे संपतात, हा या विद्येचा गाभा. स्वराची खालची सीमा सेकंदाला साधारण २० कंपनांपाशी आहे. ठेक्याची वरची सीमा सेकंदाला दहाएक ठोक्यांपाशी. त्याहून जलद ठोके सुटे सुटे धरता येत नाहीत. खालची सीमा अधिक रंजक आहे. दोन ठोक्यांमधलं अंतर दोन सेकंदांच्या आसपास गेलं की ठेका मोडतो. ठोके ऐकू येतात, पण ते एकमेकांचे उरत नाहीत. पुढचा ठोका कधी पडेल ते अंगाला कळत नाही, मनात मोजावं लागतं. ज्या वेगाने माणसं सहज टाळ्या वाजवतात किंवा बोटाने टिचक्या देतात, तो या दोन टोकांच्या मध्ये, अर्धा ते पाऊण सेकंदाच्या आसपास असतो.

आता इथे हिंदुस्थानी संगीताने काय केलं आहे ते जवळून पाहण्यासारखं आहे, कारण अतिविलंबित, म्हणजे अतिशय संथ लयीतला ख्याल ही सीमा सरळ ओलांडून जातो. एकतालाच्या बारा मात्रा. आवर्तनाला मिनिटभर लागलं तर एका मात्रेच्या वाट्याला पाच सेकंद येतात. कान दोन सेकंदांच्या पुढे टिकत नाही, मग हा ताल टिकतो कसा? ठेका आठवा: धिं धिं धागे तिरकिट तू ना कत् ता, धागे तिरकिट धी ना. चौथ्या आणि दहाव्या मात्रेवर 'तिरकिट' आहे, एका मात्रेत चार अक्षरं. पाच सेकंदांत चार, म्हणजे प्रत्येकाला सव्वा सेकंद. हे अंतर कानाच्या आवाक्यातलं आहे. बाकीच्या मात्रांमध्येही तबलजी भरीचे हलके बोल टाकत राहतो, त्यामुळे रिकामी जागा कुठेच दोन सेकंदांच्या पुढे जात नाही. गायकाला आलापासाठी मोठा विस्तार मिळतो आणि श्रोत्याच्या हातातला धागाही सुटत नाही. एकाच वेळी काळाचे दोन मजले चालू असतात: खाली अंगाला कळणारा, वर मनाने धरायचा. उस्ताद अमीर खाँ झुमरा या तालाच्या चौदा मात्रा घेऊन ज्या संथपणे बढत करत, ती या दोन मजल्यांच्या भरवशावर. प्रयोगशाळेत सीमा मोजली जाण्याच्या खूप आधी कलाकारांनी ती ओळखली आणि तिच्यावर मात करायची युक्तीही काढली, याचं मला फार अप्रूप आहे.

मनाने धरायचं म्हणजे काय, हे मात्र तत्त्वज्ञांना विचारावं लागतं. इसवी सन ४०० च्या आसपास संत ऑगस्टिन एका स्तोत्राची ओळ घेऊन बसले होते. तिच्यात आठ अक्षरं, एक लघु एक गुरू अशी आळीपाळीने. गुरू अक्षर लघूच्या दुप्पट आहे हे मला कळतं, ते म्हणतात, पण कळतं कसं? मोजायला दोन्ही समोर हवीत. गुरू उच्चारून होईपर्यंत लघू विरून गेलेलं असतं, आणि गुरू पूर्ण होतं तेव्हा तेही विरलेलं असतं. त्यांचा निष्कर्ष असा की मी अक्षरं मोजत नाही. अक्षरांनी मनात जे मागे ठेवलं ते मोजतो. १९०५ मध्ये एडमंड हुसर्ल यांनी हाच धागा पुढे नेला आणि उदाहरण घेतलं तेही चालीचंच. चाल ऐकताना नुकताच गेलेला स्वर पूर्ण गेलेला नसतो, तो 'नुकताच गेलेला' म्हणून हजर असतो. येणारा स्वरही 'आता येईल' म्हणून हजर असतो. हे तिन्ही मिळून आपला 'आत्ता' बनतो. वर्तमानाला जाडी नसती तर चाल ऐकूच आली नसती. एका वेळी एक सुटा स्वर, एवढंच ऐकू आलं असतं.

यातला 'आता येईल' हा भाग मोजता येतो. कोणालाही ठोक्यासोबत बोट आपटायला सांगा. माणूस ठोका ऐकून मग बोट आपटत असेल, तर बोट नेहमी मागे पडायला हवं. मोजल्यावर उलटं दिसतं: बहुतेकांचं बोट ठोक्याच्या किंचित आधी पडतं, काही शतांश सेकंदांनी. म्हणजे आपण ठोक्यामागून चालत नाही, त्याला सामोरे जातो. ख्यालात मुखडा, म्हणजे समेकडे नेणारी बंदिशीची ओळ, सुरू झाला की श्रोत्याची मान समेच्या, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेच्या, दिशेने झुकायला लागते, ती याच कारणाने. सम येते तेव्हा ती आधीच ठरलेली असते. तिहाईचा आनंद तर पूर्णपणे यावर उभा आहे: एकच तुकडा तीनदा, आणि तिसऱ्याचं टोक समेवर. पहिल्या दोन वेळांत श्रोत्याला हिशोब दिला जातो, तिसऱ्या वेळी तो वसूल होतो.

न पडलेला ठोकाही ऐकू येतो, तोही याचमुळे. जुन्या तालशास्त्रात तालाचे दहा प्राण सांगितले आहेत. काल हा त्यांतला पहिला. क्रिया तिसरा, आणि क्रियेचे सशब्द व निःशब्द असे दोन प्रकार. टाळीइतकाच 'खाली'ला, म्हणजे टाळी न देता नुसत्या हाताने दाखवायच्या जागेला मान आहे, आवाज नसला तरी. २००९ मध्ये युरोपातल्या संशोधकांनी झोपलेल्या, दोन-तीन दिवसांच्या बाळांना ड्रमचा एक ठेका ऐकवला आणि मधूनच त्यातला पहिला, जोरकस ठोका गाळला. बाळांच्या मेंदूतले विद्युत्संकेत तेवढ्यापुरते बदलले. भाषा नाही, नाच नाही, जग जेमतेम दोन दिवसांचं. तरी जो ठोका यायला हवा होता तो आला नाही, याची नोंद झाली.

मग ही शक्ती फक्त माणसाची का? बरीच वर्षं तसंच मानलं जात होतं. २००९ मध्येच स्नोबॉल नावाच्या काकाकुव्याने संगीताचा वेग बदलला तसा आपल्या डोलण्याचा वेग बदलून दाखवला. त्यावरून एक तर्क निघाला की जे प्राणी ऐकलेले आवाज शिकून उच्चारू शकतात, त्यांनाच ठेका धरता येतो, कारण कान आणि हालचाल यांची जोड त्यांच्यात पक्की असते. तर्क चांगला होता. २०१३ मध्ये रोनन नावाच्या मादी समुद्रसिंहाने त्याला अडचणीत आणलं. समुद्रसिंह आवाजांची नक्कल करण्यासाठी ओळखले जात नाहीत, पण ती शिकवल्यावर ठेक्यावर मान हलवू लागली, न शिकवलेल्या वेगांवरही. कालसंगीतशास्त्रात कोणाला प्रबंध लिहायचा असेल तर माझ्या मते विषय हा घ्यावा.

अभ्यासक्रमात काही गोष्टी मी सावधगिरीनेच शिकवीन. वर्ष म्हणजे पृथ्वीचा एक फेरा. त्याला ३२ सप्तकं वर चढवलं की सेकंदाला १३६.१ कंपनांचा स्वर मिळतो. गणित अगदी बरोबर आहे. पण त्यावरून या स्वराने प्रकृती सुधारते किंवा विश्वाशी सूर जुळतो असे दावे केले जातात, त्यांना आधार नाही. कुठल्याही आवर्तनाला हवं तेवढं दुप्पट करत गेलं की कुठला ना कुठला ऐकू येणारा स्वर मिळणारच. केप्लरही ग्रहांच्या गतींतून स्वर काढत होता. १६१९ च्या त्याच्या ग्रंथात पृथ्वीच्या वाट्याला अर्ध्या स्वराचं अंतर आलं आहे. त्याच ग्रंथात ग्रहाचं अंतर आणि त्याच्या फेऱ्याचा काळ यांना जोडणारा नियमही आहे. नियम टिकला, कारण तो नव्या निरीक्षणांवर पुन्हा पुन्हा घासून पाहता आला. ग्रहांच्या स्वरांचं तसं झालं नाही.

रागांच्या वेळांबद्दलही हीच सावधगिरी हवी, पण वेगळ्या कारणाने. पंडित भातखंडे यांनी स्वर आणि प्रहर यांची सांगड नेटकी बसवली: संधिप्रकाश रागांत कोमल ऋषभ आणि शुद्ध गंधार, आणि मध्यम कोणता यावरून वेळेचा अंदाज. कर्नाटक संगीतात राग प्रहरांना असे घट्ट बांधलेले नाहीत, म्हणून हा निसर्गनियम मानता येत नाही. मला वाटतं, ही पिढ्यांनी मिळून तयार केलेली आठवण आहे. एखादा राग पहाटेच ऐकत आलेल्या कानाला त्या रागात पहाट खरोखर ऐकू येते, आणि 'ऐकू येणं' याच अर्थाने त्याचा अभ्यास व्हायला हवा.

शेवटचा वाद दुसऱ्या टोकाचा. जर्मनीतल्या हाल्बरश्टाट गावी एका जुन्या चर्चमध्ये अमेरिकन संगीतकार जॉन केज यांची एक रचना ऑर्गनवर वाजते आहे. ती शक्य तितकी सावकाश वाजवावी अशी त्यांची सूचना होती. वादन ५ सप्टेंबर २००१ ला सुरू झालं आणि २६४० मध्ये संपणार आहे, एकूण ६३९ वर्षं. सुरुवातीलाच विराम होता, त्यामुळे पहिले सतरा महिने काहीच वाजलं नाही. ऑर्गनच्या पट्ट्या वजनांनी दाबून ठेवल्या आहेत आणि स्वरमेळ बदलायला कधी काही महिने लागतात, तर एकदा जवळजवळ सात वर्षं लागली. बदलाच्या दिवशी लांबून माणसं येतात.

याला संगीत म्हणावं का? मला स्वतःला ते अतिशय धाडसी, सुरेल घड्याळ वाटतं. तिथे चाल आहे, पण ती कागदावर; कोणाच्याही 'आत्ता'मध्ये तिचे दोन स्वर शेजारी येत नाहीत. अतिविलंबित ख्यालात वरचा मजला कितीही उंच नेला तरी खाली अंगाला कळणारा मजला असतो, इथे तो नाही. या मताला दुसरी बाजूही आहे, आणि वर्गात ती कोणीतरी जोरात मांडायला हवी: बदलाच्या दिवसाची वाट पाहत जमलेली ती गर्दी समेचीच वाट पाहत नाही का? माझं उत्तर असं राहील की त्या गर्दीला तारीख कॅलेंडरने कळवली. कानाला ती कळली नव्हती.